पिरॅमिड बघता, मजुरी मागणारे दिसत नाहीत?

जव्हारच्या बैठकीआधी पोरं मोबाईलवर पिरॅमिडचा व्हिडिओ बघत होती. म्हणे परग्रहवासीयांनी बांधले! आम्हाला चीड आली. राबणाऱ्याचे श्रेय दुसऱ्याच्या नावावर चढवायची खोड आपल्याकडेही जुनीच. गिझाला 1990 पासून पिरॅमिडच्या मजुरांची थडगी सापडली आहेत. त्यांत मोडून पुन्हा जुळलेली हाडे आहेत.

त्याहून महत्त्वाचे गाव दैर अल-मदिना. राजांची थडगी कोरणारे कारागीर तिथे राहत, मजुरी धान्यात मिळे. तिसऱ्या रामसेसच्या 29 व्या वर्षी, इ.स.पू. 1157 च्या सुमारास, धान्य थकले. कारागिरांनी काम टाकले आणि देवळामागे जाऊन बसले. भूक-तहानेने आलो, कपडा नाही, मासे नाहीत, भाजी नाही, हे त्यांचे म्हणणे लेखनिकाने लिहून ठेवले. तो पपायरस आज इटलीत तुरीनच्या संग्रहालयात आहे. राजाला देव मानणाऱ्या राज्यात हे घडले!

आता मोखाड्यात या. 2005 च्या रोजगार हमी कायद्याने मजुरी पंधरा दिवसांत द्यायला सांगितली. थकलेल्या मजुरीसाठी वारली-कातकरी बाया एका कार्यालयाच्या पायरीवर बसल्या, तर ‘वातावरण बिघडवू नका’ असे आम्हालाच सुनावले गेले. संपाला गुन्हा ठरवू पाहणाऱ्या विधेयकाविरुद्ध बाबासाहेबांनी 7 नोव्हेंबर 1938 ला मुंबईत संप घडवला, हे त्या साहेबांना ठाऊक नसेल. पण आपल्याला? फेरोंची नावे पाठ असलेले आपले किती कार्यकर्ते हजेरीपट वाचू शकतात? पुढच्या बैठकीला येताना आपापल्या गावच्या हजेरीपटाची नक्कल आणा.