हे हसणं आपल्याला का झेपत नाही?

शेतकऱ्याच्या आत्महत्येवर विनोदी सिनेमा काढणं म्हणजे मयताची चेष्टा, असं म्हणणारे आपल्या समाजात पुष्कळ आहेत. सतीश मनवर यांचा 'गाभ्रीचा पाऊस' (२००९) त्यांनी पाहिलेला नसावा. लेखन आणि दिग्दर्शन दोन्ही मनवरांचंच. शेजारच्या शेतकऱ्यानं जीव दिला. आपला नवरा किसना गप्प गप्प असतो, तोही तसंच काही करील या धास्तीनं अलका त्याच्यावर पहारा बसवते. लहानगं पोरगं त्याच्या मागे, म्हातारी आईही नजर ठेवून. आपण हसतो आणि हसता हसता घसा कोरडा पडतो. यात मेलेल्याची चेष्टा कुठे आहे? हसू येतं ते जिवंत माणसाला धरून ठेवण्याच्या केविलवाण्या धडपडीचं. २००६ साली अमरावती, अकोल्यासह सहा जिल्ह्यांना केंद्राचं ३,७५० कोटींचं पॅकेज जाहीर झालं, पण सिनेमातला पहारा घरच्या बाईलाच करावा लागतो. याहून कडवी टीका भाषणात करून दाखवावी.

दुसरी गोष्ट भाषेची. मराठी नाटक-सिनेमात वऱ्हाडी बोली बहुधा गावंढळ गड्याच्या तोंडी आणि 'हमको-तुमको'वालं मराठी मुसलमानाच्या तोंडी. वऱ्हाडी मुसलमानाची थट्टा अशी दुहेरी होते. मनवरांनी त्याच बोलीत दुःख बोलतं केलं; चित्रपटाचं नावच वऱ्हाडी शिवी आहे.

आता घरचा हिशेब. 'खुदकुशी हराम आहे, तेव्हा हा प्रश्न आपला नाही,' असं आपल्याकडे बिनधास्त बोललं जातं. हराम आहेच, त्यात वाद नाही. पण सावकाराचं व्याज आणि कापसाचा भाव मजहब विचारत नाहीत. आपली माणसंही शेती करतात, जिनिंगमध्ये राबतात, बाजारात पोती उचलतात. खचलेल्याला मसला सांगून भागत नाही. अलकासारखं त्याच्या मागे मागे फिरावं लागतं.

२०१० साली अनुषा रिझवींचा 'पीपली लाइव्ह' आला. विषय तोच, निर्माता आमिर खान, भारतातर्फे ऑस्करला गेला. नावं पाहून आपल्याला अभिमान वाटला. वाटू द्या. पण तिथला बाण वृत्तवाहिन्यांवर आणि पुढाऱ्यांवर आहे, मनवरांची नजर चुलीपर्यंत जाते. शिवाय तो एक वर्ष आधीचा आणि आपल्या मातीतला, तरी आपल्यापैकी किती जणांनी पाहिला? पुढे २०१३च्या 'तुह्या धर्म कोंचा?'मध्ये मनवरांनी धर्माच्या ओढाताणीत सापडलेला आदिवासी उभा केला. त्याला सामाजिक विषयावरील चित्रपटाचा राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. हा प्रश्न तर थेट आपल्या दारातला होता. तो विचारायला मनवर यावे लागले.

मी उर्दू माध्यमाच्या शाळेत शिकवतो. वर्गात पतरस बुखारींचा तंज-ओ-मिजाह आपण मार्कांसाठी शिकवतो. मराठीत लिहायला बसलो की मात्र एक तर रडतो, नाहीतर सफाई देतो. मुस्लिम मराठी लेखकानं आता स्वतःच्या मोहल्ल्यावर, जमातीवर, कर्जावर आणि हुंड्यावर असं हसून दाखवावं. लोक रागावतील. रागावू द्या, निदान वाचतील तरी.