लघवीतले रक्त: उष्णता म्हणून सोडू नका

गोठ्यातल्या म्हशीला लाल लघवी झाली, तर आपण त्याच दिवशी गुरांच्या डॉक्टरला बोलावतो. स्वतःला झाली की मात्र "उष्णता असेल" म्हणून सब्जाचे पाणी पितो. दोन दिवसांत लघवी स्वच्छ होते आणि माणूस पुन्हा उसाच्या फडात. आम्हाला भीती वाटते ती याच समाधानाची.

मुतखडा किंवा जंतुसंसर्ग असला, तर कळ किंवा जळजळच माणसाला दवाखान्यात नेते. न दुखता आलेले आणि आपोआप थांबलेले रक्त अधिक फसवे. मूत्राशयाचा कर्करोग पुष्कळदा असाच सुरू होतो. विडीच्या धुरातील विषे रक्तातून लघवीत उतरतात आणि मूत्राशयात साचून राहतात. म्हणून विडी ओढणाऱ्यांनी व चाळिशी ओलांडलेल्यांनी रक्त एकदाच दिसले तरी डॉक्टरांना दाखवावे. भगिनींनी ते पाळीचे समजून गप्प राहू नये.

बीट खाल्ल्याने किंवा क्षयाच्या रिफाम्पिसिन या औषधानेही लघवी लालसर होते. पण ते तपासणीने ठरू द्या. आधी लघवीची तपासणी, मग सोनोग्राफी आणि गरज पडल्यास दुर्बीण.

बंधूंनो, म्हशीइतकी तरी काळजी स्वतःची घ्या.