स्वयंपाकघर रेल्वेचे, मग स्वयंपाकी परका कसा?

रेल्वे कारखान्यांच्या कॅन्टीनमधल्या कंत्राटी कामगारांनी कायम नोकरी मागितली की उत्तर ठरलेले असते: जेवण बनवणे हे रेल्वेचे मूळ काम नाही, ही माणसे ठेकेदाराची. आता या उत्तराला कायद्याचाही टेकू मिळाला आहे. २१ नोव्हेंबर २०२५ पासून लागू झालेल्या चार कामगार संहितांपैकी व्यावसायिक सुरक्षा, आरोग्य आणि कार्यस्थिती संहिता मूळ कामासाठी कंत्राटी कामगार लावण्यास मनाई करते. पण सफाई, पहारा, कॅन्टीन ही कामे एरवी मूळ कामात धरायचीच नाहीत, असेही तीच सांगते. शंभर किंवा अधिक कामगार असतील तिथे कॅन्टीनची तरतूदही याच संहितेत आहे. कॅन्टीन सक्तीचे आणि त्यात राबणारा मात्र बाहेरचा, हा कुठला न्याय?

हा प्रश्न सर्वोच्च न्यायालयाने १९९० मध्येच, आणि तोही रेल्वेच्याच बाबतीत, निकाली काढला होता. एम. एम. आर. खान खटल्यात न्यायालयाने रेल्वेच्या कॅन्टीनचे तीन प्रकार पाहिले. १९४८ च्या कारखाने अधिनियमाच्या कलम ४६ नुसार अडीचशेहून अधिक कामगारांच्या कारखान्यात चालवावी लागणारी वैधानिक कॅन्टीन हा पहिला, रेल्वे बोर्डाची मान्यता असलेली बिगरवैधानिक कॅन्टीन हा दुसरा आणि मान्यता नसलेली हा तिसरा. पहिल्या दोन्ही प्रकारांतील कामगार रेल्वेचेच कर्मचारी आहेत, असा निकाल लागला. वैधानिक कॅन्टीनच्या कामगारांना रेल्वेने २२ ऑक्टोबर १९८० पासून तसा दर्जा दिलेलाच होता. मान्यताप्राप्त बिगरवैधानिक कॅन्टीनमधल्या उरलेल्यांना तो १ एप्रिल १९९० पासून मिळाला. कारभार व्यवस्थापन समितीच्या नावाने चालतो, ही सबब तेव्हा टिकली नाही. मग समितीच्या जागी ठेकेदार आणून बसवला की तीच सबब खरी कशी ठरते? जागा रेल्वेची, भट्टी आणि पातेली रेल्वेची, पाळी सुटण्याच्या आत चहाची किटली खात्याखात्यात पोहोचली पाहिजे हा हुकूमही रेल्वेचा. ठेका संपतो, ठेकेदार बदलतो. पोळ्या लाटणारे हात मात्र तेच राहतात. फक्त गेटपासवर नवे नाव येते आणि ग्रॅच्युइटीच्या पाच वर्षांचा हिशेब पुन्हा पहिल्यापासून सुरू होतो.

यावर आक्षेप येतो तो २००६ च्या उमादेवी निकालाचा. सरकारी नोकरी स्पर्धेतून मिळावी, मागच्या दाराने नको, हे तत्त्व मलाही मान्य आहे. पण मागचे दार कामगाराने उघडलेले नाही. बारमाही कामाच्या जागा रिकाम्या ठेवून ठेके काढणाऱ्यांनी ते उघडले. वर्षानुवर्षे माणसाला तात्पुरते ठेवून कायमपणाच्या हक्कापासून दूर ठेवणे ही अनुचित कामगार प्रथा आहे, असे औद्योगिक विवाद अधिनियमाची पाचवी अनुसूची सांगत आली. उमादेवी निकालाचा आधार घेऊन दीर्घकाळ राबलेल्यांचे हक्क नाकारू नयेत, असे सर्वोच्च न्यायालयाने डिसेंबर २०२४ मध्ये जग्गो खटल्यातही बजावले. दुसरा दाखला एअर इंडियाच्या कॅन्टीनचा दिला जातो. २०१४ मध्ये तेथील कामगार हरले हे खरे. पण तिथे कॅन्टीन चालवणारी कंपनी वेगळी होती आणि तिच्या कारभारावर एअर इंडियाचे पुरेसे नियंत्रण न्यायालयाला दिसले नाही. रेल्वेच्या आवारात नियंत्रण कोणाचे, हे फाटकावरचा शिपाईही सांगेल. उरला खर्चाचा मुद्दा. कारखान्याच्या कॅन्टीनमध्ये दर ना नफा तत्त्वावर ठेवायचे असतात. तिथे ठेकेदाराला सुटणारा पैसा ताटातून तरी येतो, नाही तर कामगाराच्या पगारातून. त्याला काटकसर म्हणता येणार नाही.

हीच वृत्ती रनिंग रूमच्या स्वयंपाकघरांतही शिरली आहे. रात्रभर गाडी हाकून आलेल्या लोको पायलटला आणि गार्डला तिथे वेळेवर गरम जेवण व शांत झोप मिळते की नाही, यावर पुढच्या गाडीतल्या शेकडो प्रवाशांची सुरक्षितता अवलंबून असते. ते कामही सर्वात कमी दराच्या निविदेवर सोडायचे आणि सुरक्षा सप्ताहात फलक लावायचे, हे थांबले पाहिजे. मान्यताप्राप्त संघटनांनीही आपले सभासद ज्यांच्या हातचे जेवतात त्यांचा प्रश्न वाटाघाटीच्या टेबलावर घ्यावा.

रेल्वे मंत्रालयाने प्रत्येक वैधानिक व मान्यताप्राप्त कॅन्टीनमधील मंजूर पदे, रिक्त पदे आणि कंत्राटी कामगार यांची यादी जाहीर करावी. रिक्त पदांवर, जे आज तेच काम करत आहेत त्यांना, झालेली सेवा धरून आधी सामावून घ्यावे. १९९० चा निकाल रद्द झालेला नाही. तो पाळावा, एवढीच मागणी आहे.

– एक वाचक, परळ, मुंबई