मित्राच्या जगांत पाहुणा

दुसऱ्याच्या घरीं गेल्यावर वहाणा बाहेर काढाव्या, विचारल्यावांचून कपाट उघडूं नये, पानांत वाढलेलें टाकूं नये, इतक्या गोष्टी आमच्या शाळेंतील पांचवीच्या मुलासही ठाऊक असतात. त्या त्याला कोणीं पुस्तकांतून शिकविलेल्या नसतात. आईच्या डोळ्याच्या धाकानें तो त्या शिकलेला असतो. परंतु गेल्या कांहीं वर्षांत आमचीं मुलें एका निराळ्याच घरीं पाहुणीं म्हणून जाऊं लागलीं आहेत, आणि तेथें आईचा डोळा पोहोंचत नाहीं. तें घर म्हणजे मित्राच्या कॉम्प्युटरमधील खेळाचें जग होय. त्याविषयीं चार शब्द लिहावे असें आम्हांस बरेच दिवस वाटत होतें. पालकसभेंत हा विषय निघाला म्हणजे सारें बोलणें 'किती तास?' या एकाच प्रश्नाभोंवतीं फिरतें; कोणाकडे, कोणाबरोबर आणि कोणत्या नात्यानें, हे प्रश्न तसेच राहून जातात.

ज्या वडील मंडळींस या खेळाची ओळख नाहीं त्यांच्याकरितां थोडी माहिती देतों. 'माइनक्राफ्ट' हा खेळ मूळ मार्कस पेर्सन या स्वीडिश गृहस्थांनीं रचिला. त्याचें पहिलें रूप २००९ च्या मे महिन्यांत लोकांपुढें आलें आणि पूर्ण स्वरूपांत तो २०११ च्या नोव्हेंबरांत निघाला. तो तयार करणारी स्टॉकहोमची मोजांग कंपनी २०१४ सालीं मायक्रोसॉफ्टनें अडीचशें कोटि डॉलर्सना विकत घेतली, आणि २०२३ पर्यंत खेळाच्या तीस कोटींवर प्रती खपल्या होत्या. यांतील सारें जग एकेक मीटरच्या चौकोनी ठोकळ्यांचें असतें. माती खणावी, लांकूड तोडावें, दगड फोडावा, आणि त्यांतून मनांत येईल तें बांधावें. दिवस-रात्र मिळून वीस मिनिटें होतात. रात्रीं भुतेंखेतें फिरतात, म्हणून अंधार पडण्यापूर्वीं निवारा शोधावा लागतो. अमुक एक गोष्ट केलीच पाहिजे अशी सक्ति नाहीं. वाळूचे किल्ले करणाऱ्या मुलास कोणी 'जिंकलास काय?' असें विचारीत नाहीं, तसेंच हें. शाळांकरितां या खेळाची एक वेगळी आवृत्तिही २०१६ सालीं निघाली आहे. तथापि 'यानें भूमिति सुधारते' असली वकिली आम्ही येथें करणार नाहीं. खेळ हा खेळ म्हणूनच चांगला किंवा वाईट ठरावा.

एरवीं हें जग एकट्याचें असतें. कॉम्प्युटरवरील 'जावा' आवृत्तींत मित्रास आंत घ्यावयाचें तर यजमानानें खेळ चालू असतां 'ओपन टू लॅन' ही कळ दाबावी लागते. मग पडद्यावर एक आंकडा उमटतो, आणि त्याच वायफायवर असलेल्या मित्राच्या कॉम्प्युटरवर 'मल्टिप्लेअर' या सदराखालीं तें जग आपोआप दिसूं लागतें. न दिसल्यास यजमानाच्या यंत्राचा पत्ता आणि तो आंकडा हातानें लिहून आंत जातां येतें. दोघांच्या खेळाची आवृत्ति मात्र एकच असावी लागते. एकानें नवी उतरवून घेतली आणि दुसरा जुनीवरच राहिला, तर दार उघडत नाहीं. फोनवर चालणारी 'बेडरॉक' ही तर जातच वेगळी. तिचा जावाशीं रोटीबेटीव्यवहार नाहीं. बापानें हौसेनें फोनवर खेळ घेऊन द्यावा आणि मित्राच्या जावा जगांत जातां येत नाहीं म्हणून मुलानें दोन दिवस तोंड फुगवून बसावें, असे प्रसंग आमच्या कानीं आले आहेत. (कॉम्प्युटरकरितां २०२२ पासून दोन्ही जाती एकत्रच विकतात, हें घेणाऱ्यांनीं ध्यानांत ठेवावें.)

आतां मुख्य गोष्ट. हें जग असतें कोठें? तें यजमानाच्या यंत्रांत असतें. पाहुण्यानें तेथें घर बांधलें, शेत पेरलें, खाणींतून हिरे काढून पेटींत ठेवले, तरी त्या सर्वांची नोंद मित्राच्या कॉम्प्युटरमध्यें होते. पाहुण्याच्या स्वतःच्या यंत्रांत त्यांतलें कांहींही उरत नाहीं. यजमानानें जग बंद केलें कीं पाहुणे त्याच क्षणीं बाहेर पडतात. पाहुण्यास एखाद्या संध्याकाळीं आपल्या घरावर नुसती नजर टाकावीशी वाटली, तरी मित्र दार उघडील तेव्हांच तें शक्य. दुसऱ्याच्या जमिनींत घर बांधून राहणाऱ्या माणसाची जी स्थिति, तीच या पाहुण्याची. शिवाय जग खुलें करितेवेळींच यजमानास आपल्या हातीं विशेष सत्ता ठेवून घेतां येते: हवी ती वस्तु हवी तितकी आणावी, क्षणांत कोठेंही जावें. पाहुणा चार दिवस खणून जें मिळवितो तें यजमान एक ओळ लिहून मिळवूं शकतो. अशा ठिकाणीं दोघे मित्र सारखे नसतात, आणि आम्हांस वाटतें कीं मुलांच्या भांडणांचें मूळ बहुधा येथेंच असतें. मुलांस मात्र तें सांगतां येत नाहीं, म्हणून तीं 'त्यानें चीटिंग केली' एवढेंच म्हणतात.

यांतून पालकांस उपयोगी असा एक भेद निघतो. एकट्यानें खेळतांना मुलानें खेळ थांबविला तर जगही थांबतें; आईनें जेवावयास हांक मारली कीं उठावें, परत यावें, सारें जेथल्या तेथें. मित्रास आंत घेतल्यावर तसें होत नाहीं. यजमानानें कळ दाबली तरी जग चालूच राहतें आणि तो उभा असेल तेथें उभ्याउभ्या मरूं शकतो. बरें, जग बंदच करावें तर आंत असलेले सारे मित्र बाहेर फेकले जातात. पाहुणा मात्र केव्हांही निघून गेला तरी कोणाचें कांहीं बिघडत नाहीं. तो त्या जगांतून अदृश्य होतो, आणि पुन्हां आला म्हणजे होता तेथेंच येतो. म्हणून आपला मुलगा पाहुणा असेल तर 'आतां ऊठ' म्हणतांच त्यानें उठावें, यांत सबब चालूं देऊं नये. तो यजमान असेल तर त्यास दहा मिनिटांची सूचना द्यावी. दहा मिनिटांत तो चौघांस सांगेल, चौघे आपापल्या वस्तु ठेवतील, आणि दार रीतीनें लागेल. आपण पाहुणे बसलेले असतांना दिवा मालवून निजावयास जात नाहीं. मूल 'पांच मिनिटें, पांच मिनिटें' करीत बसतें तेव्हां तें उद्धटच असतें असें नाहीं. केव्हां केव्हां तें घरीं आलेल्यांची बूज राखीत असतें. दोहोंतला फरक ओळखण्यास फक्त एक प्रश्न विचारावा लागतो: 'आज तूं कोणाकडे आहेस, कीं कोणी तुझ्याकडे आलें आहे?'

या जगांतील साध्या पेटीस कुलूप नसतें. जो कोणी तेथें असेल त्यानें ती उघडावी व हवें तें घ्यावें. ज्याची त्यालाच दिसावी अशी एक खास पेटी करितां येते खरी, परंतु तिला सामान दुर्मीळ लागतें आणि तिच्यांत मावतें थोडें. म्हणजे मित्रांच्या वस्तींत सर्व मालमत्ता एकमेकांच्या सचोटीवरच ठेविलेली असते. एखादा मेला तर त्याच्या अंगावरच्या वस्तु जागेवर सांडतात आणि पांच मिनिटांत नाहींशा होतात. त्या अवधींत जो प्रथम पोहोंचेल त्यास त्या उचलतां येतात. त्या वेळीं धांवत जाऊन मित्राचें सामान गोळा करणारा आणि तो येतांच 'हें घे तुझें' म्हणणारा मुलगा कोण, आणि हळूच हिरे बाजूस करणारा कोण, हें त्या वस्तींतल्या प्रत्येकास पक्कें माहीत असतें. आम्हां शिक्षकांस वर्गांत सहा महिन्यांत जें कळत नाहीं तें या पोरांस एका आठवड्यांत कळतें. रात्रीचीही गोष्ट अशीच. एकटा माणूस बिछान्यावर पडला कीं लगेच सकाळ होते. सोबती असतील तर, यजमानानें नियम बदलला नसल्यास, सर्व जण निजल्याशिवाय सकाळ होत नाहीं. एखादा हट्टानें जागा राहिला तर बाकीच्यांनीं अंथरुणांत पडून त्याची वाट पाहावी. अशा वेळीं त्या एकाला कोण कशा शब्दांत समजावितो, तें ऐकण्यासारखें असतें.

आमच्या शाळेंतील नववीच्या दोन विद्यार्थ्यांचा तंटा गेल्या वर्षीं आमच्यापर्यंत आला होता. पहिलीपासून एका बांकावर बसणारे हे दोघे. एकाच्या कॉम्प्युटरवर दोघांनीं मिळून सहा महिने खपून पाण्यांतला एक किल्ला बांधला होता; जंजिरा पाहून आल्यावर तो त्यांच्या डोक्यांत शिरला होता. पुढें क्रिकेटच्या संघावरून दोघांचें बिनसलें आणि यजमानानें दार बंद केलें. पाहुणा म्हणे, तट मीं बांधला, बुरूज मीं बांधले, अर्धा किल्ला माझा. यजमान म्हणे, कॉम्प्युटर माझा, जग माझें. शिक्षकांच्या खोलींत यावर हशा झाला. कोणीतरी 'हवेंतला किल्ला' असेंही म्हणालें. आम्हांस हंसूं आलें नाहीं. त्या किल्ल्यांत एका मुलाच्या सहा महिन्यांच्या संध्याकाळी होत्या, आणि त्या हवेंतल्या नव्हत्या.

आमचें मत तेव्हां होतें तेंच आज आहे. दार लावण्याचा अधिकार यजमानाचा आहे. ज्याच्याशीं मन मिळत नाहीं त्याला घरांत घ्यावेंच असें कोणी कोणास सांगूं शकत नाहीं. परंतु पाहुण्याचे श्रम आंत कोंडून ठेवण्याचा अधिकार त्या अधिकारांत येत नाहीं. खऱ्या जगांत या दोन गोष्टी वेगळ्या करितां येत नाहींत. भाऊ वेगळे झाले कीं अंगणांतून भिंत जाते आणि विहीर एकाकडे राहते. येथें तसें नाहीं. सारें जग यजमानाच्या यंत्रांत 'सेव्हज्' या नांवाच्या कप्प्यांत असतें. तो खेळ बंद करून त्या जगाची नक्कल पेन ड्राइव्हवर करून देऊं शकतो. अंगावरच्या वस्तूंचा थोडा घोळ होईल, पण किल्ला दोघांकडेही पुरा राहतो, एक दगड कमी न होतां. आम्हीं यजमान मुलास तेवढेंच सांगितलें, आणि त्यानें कांहींशा नाखुषीनें का होईना, तें केलें. दोघे आतां बोलतात, पूर्वींसारखे नव्हे. तें पेन ड्राइव्हनें होण्यासारखें नव्हतेंच.

कांहीं पालक म्हणतील, हा घोर तरी कशाला? असल्या जगांत जाऊंच देऊं नये. मैदानावरच्या खेळाची बरोबरी याला नाहीं, हें आम्हांसही मान्य आहे. पण मित्राचें दार बंद केलेलें मूल मैदानावरच जाईल असें नाहीं. एकटें बसून तें कोठल्यातरी अनोळखी सार्वजनिक सर्व्हरवर जाईल, हाच संभव अधिक. तेथें हजारों लोक असतात, त्यांचीं नांवें खोटीं, वयें अज्ञात. डिसेंबर २०१० मध्यें सुरू झालेला 'टू-बी-टू-टी' नांवाचा एक सर्व्हर तर कोणताच नियम नसण्याबद्दल प्रसिद्ध आहे. नवा माणूस जेथें प्रथम उतरतो तो आसपासचा मुलूख तेथें खणून, जाळून उजाड केलेला आहे, आणि नवख्यास त्यांतून जीव घेऊन पळावें लागतें. प्रौढांनीं तो खेळ खुशाल खेळावा. चौदा वर्षांच्या मुलास मात्र ज्याचा चेहरा, घर आणि आईबाप आपणांस ठाऊक आहेत अशा मित्राकडे जाऊं देणें, हें आम्ही शतपट बरें समजतों. लहान मुलांच्या खात्यास दुसऱ्यांबरोबर खेळण्याची परवानगी पालकांस देतां किंवा नाकारतां येते. तें काम मुलाकडूनच उरकून न घेतां स्वतः वाचून करावें.

आणि मित्र नेहमींच शेजारीं राहतो असें कोठें आहे? वडिलांची बदली झाली म्हणून नागपुरास किंवा बेळगांवास गेलेला सोबती घरच्या वायफायच्या दारानें येऊं शकत नाहीं. त्याच्याकरितां सतत चालू राहणारा सर्व्हर लागतो. 'रेल्म्स' नांवाची व्यवस्था मोजांगच चालविते. तिच्यांत दरमहा पैसे भरून मालकाशिवाय आणखी दहा जणांस बोलावितां येतें, आणि मालकाचा कॉम्प्युटर बंद असला तरी जग उघडें राहतें. पैसे एकाच घरानें भरण्यापेक्षां चार घरांनीं वर्गणी काढावी. मग आपलें घर दुसऱ्याच्या मर्जीवर उभें आहे, ही पाहुण्याची बोचणीही पुष्कळ कमी होते.

आतां उन्हाळ्याची सुटी येते आहे. अर्धीं मुलें आजोळीं जातील आणि कित्येक जगें दोन महिने बंद पडतील. ज्यांच्याकडे जग आहे त्या विद्यार्थ्यांनीं गांवीं निघण्यापूर्वीं त्याची एक नक्कल काढून निराळी ठेवावी. कॉम्प्युटर बिघडतात, आणि तेव्हां चार जणांचें काम एकदम जातें. दार पुन्हां कोणत्या तारखेस उघडेल हेंही सोबत्यांस सांगून ठेवावें.