शरीर म्हणजे कारखाना नव्हे



बाळंतपण आणि पाळी जाणे हे विषय आपल्या घरात बायका हलक्या आवाजात बोलतात, पुरुष तर बोलतच नाहीत. अमेरिकेतील मानववंशशास्त्रज्ञ एमिली मार्टिन यांनी बाल्टिमोर शहरातील १६५ स्त्रियांना याच गोष्टी विचारल्या आणि १९८७ साली ‘द वुमन इन द बॉडी’ हे पुस्तक लिहिले. मानववंशशास्त्र म्हणजे दूर जंगलातल्या लोकांचा अभ्यास, अशी आपली समजूत. या बाईंनी आपल्याच देशातील डॉक्टरांची पाठ्यपुस्तके तपासायला घेतली.

तेथे त्यांना गिरणीची भाषा आढळली. गर्भाशय हे यंत्र, बाई कामगार, डॉक्टर मुकादम आणि मूल हा तयार माल. कळा पुरेशा जोरकस आहेत की नाहीत, ते घड्याळ लावून पाहायचे. पाळी आली म्हणजे उत्पादन फसले. पाळी कायमची गेली म्हणजे मेंदू हुकूम सोडतो आणि बीजकोश ऐकत नाहीत. (आमच्या कचेरीत साहेबांच्या मेमोला उत्तर गेले नाही की असाच शेरा पडतो!) जठराचे अस्तरही सारखे झडून नवे येते, पण त्याला पुस्तके शरीराचे संरक्षण म्हणतात.

शब्दांनी काय बिघडते, असे कोणी विचारील. पाळी जाणे हा बिघाड ठरला की दुरुस्ती आलीच. १९६६ साली रॉबर्ट विल्सन या अमेरिकन डॉक्टरांनी पुस्तक लिहून तो रोग ठरवला. पुढे तिकडे लाखो बायकांना हार्मोनच्या गोळ्या सुरू झाल्या. २००२ साली एका मोठ्या चाचणीत दोन हार्मोन एकत्र घेणाऱ्या स्त्रियांत स्तनाचा कर्करोग व हृदयविकार वाढलेला दिसला आणि चाचणीचा तो भाग मुदतीआधीच थांबवला गेला. त्रास असह्य असेल तर डॉक्टर आजही प्रकृती पाहून हे औषध देतात, त्याबद्दल तक्रार नाही. सरसकट सर्वांना रोगी ठरवणे मात्र चूक.

मला सर्वांत मोलाचे वाटले ते कष्टकरी बायकांचे बोलणे. पाळी म्हणजे काय, असे विचारल्यावर मध्यमवर्गीय बायकांनी बहुतेक डॉक्टरी उत्तर दिले. कामगार वर्गातल्या काळ्या-गोऱ्या बायकांनी मात्र ती कशी येते, कसे वाटते, तिच्यामुळे आयुष्यात काय बदलते ते सांगितले. याला अडाणीपणा म्हणायला बाई तयार नाहीत. शाळेतला धडा त्यांनाही शिकवलेला होताच, त्यांनी तो आपल्या अंगाला लावून घेतला नाही इतकेच. मला हे पूर्ण पटते.

पाळी गेलेल्या बायकांनी अंगातून वाफा निघतात, चारचौघांत घाम फुटून लाज वाटते, हे लपवले नाही. तरी त्यांच्यातल्या अनेकींना तो आजार वाटत नव्हता, कित्येकींना तर सुटल्यासारखे वाटले होते.

भगिनींनो, दवाखान्यात गेलात तर काय होते ते आपल्या शब्दांत सांगा, लाजू नका. आणि पाळी जाऊन वर्ष उलटल्यावर पुन्हा रक्त दिसले तर वयाचे आहे म्हणून घरी बसू नका, लगेच डॉक्टरांकडे जा.