पाचशे तबकड्यांचा बँड

१९७६ साली डेट्रॉइटमधल्या हॅकनी आडनावाच्या तीन भावांनी पदरमोड करून एक तबकडी काढली. गाणी दोन, प्रती पाचशे, बँडचं नाव ‘डेथ’. हे नाव बदला, असं रेकॉर्ड कंपनी चालवणाऱ्या क्लाइव्ह डेव्हिसनं सुचवलं होतं; गिटार वाजवणारा डेव्हिड हॅकनी बधला नाही आणि बोलणी फिसकटली. तबकडी विरून गेली. २००० साली डेव्हिड कर्करोगानं गेला. २००९ मध्ये ड्रॅग सिटी या छोट्या कंपनीनं भावांची १९७५ सालची सात गाणी बाजारात आणली, न्यूयॉर्क टाइम्सनं मोठा लेख केला, पुढे माहितीपट निघाला. आज पंक संगीताच्या इतिहासात या बँडला जागा आहे, विकिपीडियावर पानही आहे.

मग १९८० सालच्या एखाद्या ज्ञानकोशात त्यांची नोंद हवी होती का? माझ्या मते नको होती. गाणी तेव्हाही हीच होती, तितकीच तडफदार. पण त्यांच्याविषयी सांगणार कोण? ते भाऊ आणि त्यांचे घरचे. विकिपीडियाच्या भाषेत जिला ‘उल्लेखनीयता’ म्हणतात, ती गुणवत्तेची पावती नव्हे. बँडशी लागाबांधा नसलेल्या कुणीतरी त्याच्यावर सविस्तर लिहिलंय का, एवढंच ती विचारते. ज्ञानकोशकार गाणं ऐकून निकाल देत नाही. इतरांनी लिहिलेलं ताडून पाहतो. ताडायला काही नसेल, तर नोंद म्हणजे बँडचं माहितीपत्रक.

इंटरनेटवर जागेला काय तोटा, असं म्हणतात. जागेला नाही, राखणदारांना आहे. एखाद्या बँडच्या बेसवाल्याच्या चुलतभावानं गुपचूप स्वतःला ‘संस्थापक’ करून टाकलं, तर ते खोडायला कुणीतरी जागं असावं लागतं, आणि खोडायला आधार लागतो.

दुसरा आक्षेप मात्र झोंबणारा आहे. दखल घेणारेच पक्षपाती असले तर? डोना स्ट्रिकलंड या भौतिकशास्त्रज्ञ बाईंचं विकिपीडियावरचं पान २०१८ च्या मे महिन्यात पुरेशा संदर्भांअभावी नाकारलं गेलं. ऑक्टोबरात त्यांना नोबेल मिळालं. म्हणजे माध्यमांची झापडं ज्ञानकोशालाही लागतात, हे कबूल करायलाच हवं. पण नियम सैल केल्यानं झापडं निघत नाहीत, फक्त बिनआधाराची पानं वाढतात. दुखणं ज्ञानकोशाच्या एक पायरी आधीचं आहे. आपल्याकडे पुण्या-मुंबईतल्या एखाद्या नव्या मराठी बँडचा कार्यक्रम झाला, की पेपरात बहुधा आयोजकांनीच धाडलेला मजकूर आणि त्यांनीच काढलेला फोटो छापून येतो. त्या कात्रणांची चळत लावली तरी तिच्यावर एक नोंद उभी राहत नाही. एखादा समीक्षक तिकीट काढून पाठवायला असे कितीसे पैसे लागतात?