नशिबाचा नव्हे, मजुरीचा प्रश्न

चित्रपटसृष्टीचा इतिहास आपल्याकडे नायक-नायिकांच्या वैभवाची बखर म्हणून लिहिला जातो. दुय्यम भूमिका करणारा नट त्या बखरीत आलाच, तर 'नशिबाचे फेरे' या सदरात. नशीब हा शब्द फार सोयीचा असतो. तो उच्चारला की मालकाला जाब विचारण्याचे कारण उरत नाही.

१९४२ साली 'जंग-ए-आझादी'च्या चित्रीकरणात मास्टर भगवान यांची थप्पड ललिता पवार यांना अतिशय जोरात बसली. चेहऱ्याला पक्षाघात झाला, डाव्या डोळ्यातील रक्तवाहिनी फुटली. तीन वर्षांच्या उपचारांनंतरही डोळ्यातील दोष राहिलाच. येवल्यात जन्मलेली, मूकपटांपासून पडद्यावर असलेली ही नायिका खाष्ट सासू झाली. 'अनाडी'तील (१९५९) भूमिका आणि दूरदर्शनवरील मंथरा हे त्यांचे स्वतःचे कर्तृत्व. पण हाच प्रसंग गिरणीत घडला असता तर? कामगारांच्या नुकसानभरपाईचा कायदा या देशात १९२३ पासून होता. गिरणीत तुटलेले बोट अपघात ठरते. स्टुडिओत अधू झालेला डोळा आख्यायिका ठरतो. धंद्याने तर त्या अधू डोळ्याचेच भांडवल केले.

आणि थप्पड मारणारा तरी कोण होता? अमरावतीत जन्मलेला, मुंबईत मजुरी केलेला, गिरणी कामगाराचा मुलगा. 'अलबेला'ने (१९५१) भगवान यांना बंगला आणि मोटारी दिल्या. पुढच्या अपयशाने त्या काढून घेतल्या. मिळतील त्या किरकोळ भूमिका करीत त्यांनी उरलेले आयुष्य काढले. २००२ साली ते वारले, तेव्हा त्यांचा मुक्काम दादरच्या चाळीत होता. कोणी म्हणेल, ते स्वतःच निर्माते होते, धंद्यात बुडाले. मान्य. पण त्यानंतर कित्येक वर्षे त्यांनी जी नोकरवजा भूमिकांची मजुरी केली, तिचा भविष्यनिर्वाह निधी कोठे आहे?

हे दुखणे केवळ मुंबईचे नाही. बेला लुगोसीने १९१९ साली हंगेरीत नटांची संघटना बांधली. क्रांती चिरडली गेल्यावर त्याला देश सोडावा लागला. अमेरिकेत 'ड्रॅक्युला'ने (१९३१) त्याला कीर्ती दिली आणि त्याच्या परदेशी उच्चारांनी त्याला राक्षसांच्या भूमिकांत कोंडले. १९३३ साली तेथे पडद्यावरील नटांची संघटना स्थापन झाली, तिच्या पहिल्या सभासदांत तो होता. १९५६ साली तो हलाखीत मेला. त्याच संघटनेने १९६० मध्ये संप करून निवृत्तिवेतन आणि आरोग्याची तरतूद पदरात पाडून घेतली. नशिबाने चार वर्षांचा उशीर केला, असे म्हणायचे की संघर्षाला तेवढा वेळ लागला, असे म्हणायचे?

आपल्याकडे चित्रपट कामगारांसाठी १९८१ साली कायदे झाले; कल्याण निधीचा कायदा २०२० च्या सामाजिक सुरक्षा संहितेत विलीन केला गेला. पण नांदेड-लातूरहून मुंबईला गेलेल्या तरुणाच्या हाती त्यातले काय पडते? मुंबईचा पडदा त्याची बोली ऐकतो आणि त्याच्या अंगावर हवालदाराचा नाहीतर गड्याचा वेश चढवतो. लुगोसीचा तुरुंग आणि याचा तुरुंग एकाच कारागिराने बांधलेला आहे.

म्हातारपणी तो गावी परतला, तर वृद्ध कलावंतांच्या मानधनासाठी जिल्ह्याच्या निवड समितीपुढे हात जोडून उभा राहतो. २०२४ पासून हे मानधन महिना ५,००० रुपये आहे. शब्दच पाहा: मानधन! मान देणाऱ्याच्या मर्जीवर अवलंबून असतो. श्रमाचे मोल मर्जीवर अवलंबून असता कामा नये.

म्हणून नांदेड आणि लातूरच्या कार्यकर्त्यांनी सत्कारांच्या शालींवर समाधान मानू नये. माळेगावच्या यात्रेतील कलावंत असो की मुंबईच्या चित्रीकरणातील, त्याची कामगार म्हणून नोंद, लेखी करार, अपघात विमा आणि निवृत्तिवेतन या चार मागण्यांवर त्याला संघटित करणे हे आपले काम आहे. नटाच्या दैवावर अश्रू ढाळणारे पुष्कळ आहेत. त्याच्या मजुरीचा हिशेब मागणारे हवे आहेत.